डॉक्टर एक दिवस झोपतो

त्या खेळात बॉसशी लढायला चार जणांची टीम लागायची आणि आमच्या घरात खेळणारे आम्ही नेमके चारच होतो. मी, माझा नवरा, पुण्याला कंपनीत असलेला धाकटा दीर आणि सासरे. लीडर मी होते. हे मुद्दाम सांगते, कारण जिंतूरच्या त्या घरात दुसऱ्या कुठल्याच गोष्टीत माझ्या शब्दाला किंमत नव्हती. सकाळी भाजी कुठली करायची हेसुद्धा मामा ठरवायचे. सासऱ्यांना आमच्याकडे मामा म्हणतात.

मामा येलदरीच्या पावरहाऊसमधून ऑपरेटर म्हणून रिटायर झाले होते. सगळी उमर मशीनसमोर गेलेली. माझ्याशी ते थेट बोलत नसत. मी दोन हातांवर उभी असले तरी सासूबाईंना म्हणायचे, "तिला म्हणावं, पाणी गरम कर." जेवण आवडलं नाही तर ताट चार बोटांनी पुढं सरकवायचे आणि उठायचे.  सासूबाई ते ताट उचलून आत आणायच्या आणि माझ्यासमोर ठेवायच्या. मग ते मीच खायचं, असा घरचा रिवाज होता.

माझं माहेर वालूरचं. लग्नाआधी माझं बी.एड. झालेलं होतं, विषय इंग्रजी. लग्नाच्या दुसऱ्या वर्षी गावातल्याच एका खाजगी शाळेत मुलाखत दिली. हेडमास्तर सोमवारी या म्हणाले होते. मी दोन साड्या इस्त्री करून ठेवल्या. रविवारी त्यांचा फोन आला, की जागा भरली. मी चार दिवस कुणाशी नीट बोलले नाही, नंतर तो विषय मीच बंद केला. आपलं नशीब म्हणून मोकळी झाले.

खेळ घरात आला तो लॉकडाऊनमध्ये. दीर पुण्याहून आला आणि चार महिने इथंच अडकला. त्यानं आधी माझ्या नवऱ्याला शिकवलं, मग मला. नवऱ्याचं कृषी सेवा केंद्र आहे, बियाणं आणि खतं विकतो. त्याचं डोकं गिऱ्हाइकात. दीर नुसता धडकायचा. मला मात्र तो खेळ पहिल्याच आठवड्यात कळला. कोण कुठं उभं राहणार, कुणी आधी मार खायचा, कुणी मागं थांबायचं, हे मला पोळ्या लाटता लाटता सुचायचं. महिनाभरात दीर म्हणाला, "वहिनी, लीडर तुमीच व्हा."

मामांनी आधी शिव्या घातल्या. मग आमच्या मागं उभं राहून बघायला लागले. मग एक दिवस दिराला म्हणाले, "मला कोणतं माणूस भेटंल ह्यात?" तीन जागा भरलेल्या होत्या. हीलरची उरली होती. हीलर म्हणजे जो लढत नाही, मागं थांबून जखमी झालेल्यांना बरं करतो. मामांनी त्याचं नाव डॉक्टर ठेवलं.

ते खेळायचे कसे, तर ड्युटीवर असल्यासारखे. जेवण झालं की चष्मा पुसायचा, खुर्ची कूलरसमोर घ्यायची आणि दुपारभर त्या खेळातल्या डोंगरावर मुळ्या आणि पाला गोळा करत हिंडायचं. आम्हाला त्याचा कंटाळा यायचा, त्यांना येत नव्हता. तीन वर्षांत त्यांचा डॉक्टर आम्हा तिघांच्याही पुढं गेला. त्याच्या अंगावर पांढरा झगा होता, त्याला सोनेरी काठ. तो काठ मिळवायलाच त्यांना एक अख्खा उन्हाळा लागला होता. लग्नाकार्यात कुणी भेटलं तरी ते मोबाईल काढून डॉक्टर दाखवायचे. नातवंडं नव्हती त्यांना. लोक नातवाचा फोटो दाखवतात तसं ते दाखवायचे.

आणि खेळताना त्यांना माझ्याशी बोलावंच लागायचं. लीडरनं सांगितल्याशिवाय हीलरनं हात हलवायचा नसतो. रोज चार ते सहा, कानाला हेडफोन लावून समोरच्या खुर्चीवरून ते मला म्हणायचे, "लीडर, डॉक्टर तयार हाय." सहा वाजले, हेडफोन निघाले, की पुन्हा सासूबाईंना, "तिला म्हणावं, चहा टाक."

त्या खेळात एक बॉस होता. त्याचं नाव इंग्रजीत लांबलचक होतं, आम्ही घरात त्याला आंधळा म्हणायचो. डोळे नसलेला राक्षस, आवाजावर मारायचा. त्याच्यापुढं आम्ही किती वेळा हरलो ते मोजायचं सोडून दिलं होतं. पहिले दोन टप्पे आम्हाला जमायला लागले होते. तिसऱ्यात तो जमिनीवर मूठ आपटायचा आणि सगळ्यांत मागं असलेला हीलर सोडून बाकीचे मरून पडायचे. मग एकच इलाज होता. हीलरच्या पडद्यावर कोपऱ्यात एक पांढरं बटण होतं, ते दाबलं की मेलेले सगळे दुप्पट ताकदीनं उठायचे. आम्ही ते कधी दाबलं नव्हतं, कारण त्याखाली बारीक इंग्रजीत बरंच काही लिहिलेलं होतं आणि दीर म्हणायचा, त्याची वेळ आली की बघू.

मागच्या एप्रिलमध्ये आम्ही ठरवलं, की आता आंधळ्याला पाडायचंच. दुकानात तेव्हा गर्दी नसते, नवरा दुपारी घरी येऊ शकत होता. मी तीन आठवड्यांची तयारी आखली. नवऱ्यानं चिलखत बदलायचं, दिरानं बाण जमवायचे, मामांनी औषधांच्या दोनशे बाटल्या भरायच्या. रोज एक तास नुसता सराव. आंधळ्याचा हात वर गेला की चार पावलं मागं, खाली आला की दोन पुढं. मामांची बोटं जड, त्यांना उशीर व्हायचा. मी त्यांना एकच हालचाल बारा-बारा वेळा करायला लावायचे. "पुन्हा," म्हणायचे. ते करायचे. एकदाही चिडले नाहीत. उलट एका संध्याकाळी हेडफोन काढता काढता माझ्याकडे बघून म्हणाले, "लीडरचं ध्यान लय पक्कं हाय. पावरहाऊसला असती तर शिफ्ट इन्चार्ज झाली असती."

मला बरं वाटलं, खोटं कशाला सांगू. सहा वर्षांत त्या माणसानं पहिल्यांदा माझ्याबद्दल काही चांगलं म्हटलं होतं. दुसऱ्या दिवशी मी त्यांच्या आवडीचे धपाटे केले. त्यांनी तीन खाल्ले.

दुसरा आठवडा संपत आला होता. सराव झाल्यावर आम्ही तसेच फोनवर बोलत बसलो होतो. दीर पुण्याहून म्हणाला, की वहिनी इतकं नीट समजावून सांगतात, त्यांनी खरं तर शाळेत शिकवायला पाहिजे होतं. मामा हसले. मोठ्यानं, पोट हलवून हसले आणि म्हणाले, "आरं, लागलीच व्हती की. मीच त्या हेडमास्तरला फोन करून सांगितलं, आमच्या घरात गरज न्हाई म्हणून. न्हाई तर आज आपल्या टीमला लीडर कुठून भेटली असती?"

त्यांनी ते माझं कौतुक म्हणून सांगितलं. हे मला त्याच क्षणी कळलं आणि म्हणूनच ते जास्त लागलं.  नवरा मान खाली घालून चार्जरची वायर गुंडाळायला लागला, आणि त्याच्या गुंडाळण्यावरून मला कळलं की त्यालाही माहीत होतं. मी उठले, चहा टाकला, दोघांपुढं नेऊन ठेवला. साखर बरोबर पडली होती.

त्या रात्री मला झोप लागली, आणि चांगली लागली. लोकांना वाटतं, असं काही कळल्यावर माणूस तळमळतो. मी सकाळी उठले, तेव्हा हे असंच सोडायचं नाही, एवढं माझं ठरलेलं होतं.

त्याच दुपारी दिराचा मला एकटीला फोन आला. आदल्या दिवशीच्या बोलण्यावर तो काही बोलला नाही, सरळ खेळावर आला. म्हणाला, पांढऱ्या बटणाचं मी नीट वाचलंय. ते दाबलं की बाकीचे उठतात, पण हीलर कायमचा संपतो. लेव्हल एक, अंगावर काही नाही, परत काहीच मिळत नाही. म्हणून लोक त्याच्यासाठी वेगळा डमी हीलर तयार करतात, दोन आठवडे वाढवतात आणि त्याला मारतात. आपणही बाबांना डमी करून देऊ, लढाई दोन आठवडे पुढं ढकलू. मी म्हणाले, मी मामांशी बोलते.

बोलले. संध्याकाळी मामांनी मोबाईल माझ्यापुढं धरला. घरात बारीक इंग्रजी वाचणारी मीच. त्यांच्या गोळ्यांच्या पाकिटावरचं, बँकेच्या मेसेजमधलं, लाईट बिलाच्या मागचं, सगळं मीच वाचून सांगायची. म्हणाले, "लीडर, ह्या बटणाखाली काय लिहिलंय, सांग बरं." मी पूर्ण वाचलं. सावकाश, शब्द न शब्द. मग मी म्हणाले, "पांढरं बटण दाबलं की सगळे उठतात. डॉक्टर एक दिवस झोपतो. दुसऱ्या दिवशी उठतो, जसाच्या तसा."

"एकच दिवस ना?"

"एकच."

त्यांनी मान डोलावली. दिराला मी कळवलं, की मामा म्हणतात डमी नको, खराच डॉक्टर वापरू, त्यांची तयारी आहे.

एकदाच सगळं उघडं पडायची वेळ आली. शेवटच्या शनिवारी सरावात दिरानं त्यांना विचारलं, "बाबा, डॉक्टर जाणार उद्या. तुमी खरंच तयार आहात ना?"  मामा म्हणाले, "आरं, त्यात काय एवढं. टीमसाठी एवढं करायचंच असतं." दिराचा आवाज बदलला. तो म्हणाला, की बाबा, तुमी मोठे आहात. मामांना ते जरा जास्तच वाटलं असावं, पण खूश झाले. दोघंही एकमेकांवर खूश होते. मी त्यांना खूश राहू दिलं.

रविवारी सकाळी दहाला बसलो. मामा अंघोळ करून, इस्त्रीचा सदरा घालून आले होते. सासूबाई पलीकडे ज्वारी निवडत होत्या. पहिला टप्पा आम्ही सहज काढला. दुसऱ्यात नवरा दोनदा मरता मरता वाचला, दोन्ही वेळा मामांनी वाचवला, आणि दोन्ही वेळा अगदी वेळेवर. त्यांची बोटं इतकी चपळ मी कधी बघितली नव्हती. माझ्या बारा-बारा वेळा 'पुन्हा' म्हणण्याचा तो परिणाम होता. मला त्याचा अभिमान वाटला. पण मी जे करणार होते त्याच्या आड तो अभिमान आला नाही.

तिसऱ्या टप्प्यात आंधळ्यानं मूठ आपटली. नवरा पडला, दीर पडला, मी पडले. पांढऱ्या झग्यातला डॉक्टर एकटा उभा राहिला.

"लीडर, दाबू का?" मामांनी विचारलं.

अजून वेळ होता. नको म्हटलं असतं तर आम्ही नेहमीसारखे हरलो असतो आणि संध्याकाळी पुन्हा सराव केला असता.

"दाबा, मामा," मी म्हणाले.

त्यांनी दाबलं. पडदा पांढरा झाला, आम्ही उठलो, आणि दोन मिनिटांत आंधळा कोसळला. पुण्यात दीर ओरडत होता. नवऱ्यानं टेबलावर हात आपटला. मामा खुर्चीत मागं टेकले आणि त्यांनी डोळे मिटले. नंतर स्वतः चौकातल्या हॉटेलात जाऊन अर्धा किलो जिलेबी घेऊन आले. येलदरीच्या जुन्या सोबत्याला फोन करून सांगितलं, की आमी त्याला पाडला, आमचा डॉक्टर झोपलाय आता, उद्या उठंल. दिराला ते ऐकू गेलं नाही, तो फोनवरून गेलेला होता. नवऱ्याला गेलं. त्यानं माझ्याकडे बघितलं आणि जिलेबीकडे वळला.

तो अख्खा रविवार माझ्याकडे होता. मी केव्हाही सांगू शकले असते. मामा दुपारी झोपून उठले, संध्याकाळी ओट्यावर बसले, येणाऱ्या-जाणाऱ्याशी बोलले. रात्री पिठलं भाकरी केली होती, ती त्यांना आवडत नाही, तरी जेवले. मी दिवसभर त्यांच्याकडे बघत होते. एखाद्यानं आपल्याला न विचारता आपलं काहीतरी संपवलंय आणि आपल्याला अजून पत्ताच नाही, असं माणूस कसं दिसतं ते मला बघायचं होतं. हसतं, खातं, झोपतं. मीही मुलाखतीनंतरच्या त्या रविवारी अशीच दोन साड्यांना इस्त्री करत असेन.

सोमवारी सकाळी नऊला त्यांनी मोबाईल उघडला. मी आत कणीक मळत होते. साडेनऊला सासूबाईंना म्हणाले, "अजून उठला न्हाई." दहाला पुन्हा उघडला. मग दिराला फोन लावला. दीर काय म्हणाला ते मला ऐकू आलं नाही. मामांचं एवढंच ऐकू आलं, "कायमचा? म्हणजे?" 

मामा स्वयंपाकघरात कधी येत नसत. त्या दिवशी दारात येऊन उभे राहिले. हातात मोबाईल, त्याच्यावर उघड्या अंगाचा, काठी धरलेला एक माणूस. खेळ सुरू करताना सगळ्यांना तसलाच मिळतो.

"तुला वाचता येत न्हाई का?" त्यांनी विचारलं. सासूबाईंना नाही, मला.

"येतं, मामा," मी म्हणाले. "त्या शाळेत मी इंग्रजीच शिकवणार होते."

ते उभे राहिले. मला वाटलं, हात उगारतील. मी कणकेतून हात काढला नाही.  मग ते परत गेले, मोबाईल टीव्हीवर ठेवला आणि कॉटवर भिंतीकडे तोंड करून पडले. दुपारी जेवायला उठले नाहीत.

सासूबाईंनी मला विचारलं, काय झालंय नेमकं. मी त्यांना समजेल असं सांगितलं. त्यांनी ऐकून घेतलं, थोडा विचार केला आणि विचारलं, "किती दिवसाचं काम व्हतं ते त्यांचं?"

"तीन वर्षांचं."

"बरं झालं," त्या म्हणाल्या, आणि सुपातले खडे वेचायला लागल्या.

नवऱ्यानं संध्याकाळी मला गच्चीवर गाठलं. म्हणाला, एवढं करायची गरज नव्हती. मी म्हणाले, खेळच तर आहे. तो म्हणाला, "खेळच हाय, तर मग ठरवून कशाला केलंस?"  मी उलट विचारलं, की तुम्हाला कधीपासून माहीत होतं. तो वाळलेले कपडे काढायला लागला. सगळे काढले, घड्या घातल्या, आणि खाली गेला.

टीम तिथंच मोडली. दीर माझ्याशी अजून बोलतो, पण वहिनी म्हणताना आधी थांबतो. मला वाईट वाटलं का, असं मी स्वतःला कधी कधी विचारते. मामा मे महिन्याच्या उन्हात डोक्याला रुमाल बांधून गोळ्यांचं पाकीट घेऊन कोपऱ्यावरच्या मेडिकलला जायचे, सकाळी कोणती आणि रात्री कोणती हे विचारायला. मला दाखवत नसत. एकदा रस्त्यात चक्कर येऊन ते बसले, तेव्हा पानटपरीवाल्यानं त्यांना घरी आणलं. त्या दिवशी वाईट वाटलं. पण त्या दिवशीही, पुन्हा तीच वेळ आली तर मी वेगळं करीन, असं मला म्हणता आलं नाही.

जूनमध्ये मी दुसऱ्या एका शाळेत अर्ज केला, तासिकेवर. घेतलं त्यांनी. घरात मी विचारलं नाही, सांगितलं. मामा पेपर वाचत होते, ते वाचतच राहिले.

डॉक्टर त्यांनी पहिल्यापासून पुन्हा सुरू केला. कुणाची मदत घेतली नाही. दिवाळीनंतर त्यांनी येलदरीच्या तीन रिटायर माणसांना जमवून स्वतःची टीम केली. गुरुवारी दुपारी ते चौघं आमच्या बैठकीत बसतात, खोकतात, एकमेकांच्या अंगावर ओरडतात. आता त्यांनाही आंधळ्याला पाडायचंय. गेल्या महिन्यात गुरुवारी शाळेला सुट्टी होती, चहा मी नेला. त्यातले एक काका मला म्हणाले, की तुमी तर त्याला पाडलेलंय म्हणं, तिसऱ्या टप्प्याचं जरा सांगा की.

मी सांगितलं. मूठ कधी आपटतो, हीलरनं किती मागं थांबायचं, पांढरं बटण काय करतं आणि डमी का लागतो. सगळं खरं सांगितलं, काही राखून ठेवलं नाही. काका मान डोलावत होते. मामांनी माझ्याकडे बघितलं नाही. माझं बोलणं संपेपर्यंत थांबले, मग माझ्यासमोरच त्यांनी पुण्याला फोन लावला आणि मी सांगितलेलं एक-एक करून दिराला विचारलं, हे खरं हाय का, आणि हे, आणि हे. दीर प्रत्येकाला हो म्हणत होता. फोन स्पीकरवर होता.

मी रिकामे कप गोळा केले. सहावीच्या वह्या तपासायच्या राहिल्या होत्या, त्या घेऊन आत बसले.